‘एथनिक’ नावाची अडगळीची खोली

आभासी वाद्यांचे नमुनासंग्रह संगणकावर कसे लावून ठेवावेत, हा काही समीक्षेचा विषय नव्हे, असा समज आहे. हे काम ध्वनिमुद्रणगृहातल्या सर्वांत कनिष्ठ उमेदवाराचे. दोन कामांच्या मधल्या रिकाम्या दुपारी उरकायचे. आणि राहून गेले तरी कोणाचे काही अडत नाही, असे मानले जाते. नाटकांचे पार्श्वसंगीत करताना आम्हीही अनेक वर्षे असेच मानत आलो. आज आमचे मत नेमके उलटे आहे, आणि ते का उलटले हे सांगण्यासाठीच हा लेखप्रपंच. कोणता आवाज कोणाच्या शेजारी बसवायचा, त्याला कोणत्या नावाने हाक मारायची, त्याच्याविषयी काय लिहून ठेवायचे आणि काय गाळायचे, हे ठरवणारा माणूस संगीताविषयी एक भूमिका घेत असतो. ती भूमिका त्याने जाणून घेतलेली असते, की खोक्यावर आधीच छापून आलेली असते, हा आमचा प्रश्न आहे.

ज्यांचा या व्यवहाराशी संबंध येत नाही त्यांच्यासाठी थोडे स्पष्टीकरण. नमुनासंग्रह, म्हणजे रोजच्या बोलण्यातली ‘सॅम्पल लायब्ररी’, ही एखाद्या वाद्याचे सुटे आघात वा सुटे स्वर मुद्रित करून भरलेली पेटी असते. कीबोर्डची पट्टी दाबली की पेटीतला नेमका तुकडा वाजतो. १९८३ साली आलेल्या मिडी संकेतप्रणालीत आघाताचा जोर १ ते १२७ या आकड्यांत मोजतात. म्हणून हळू, मध्यम, जोरकस असे एकाच आघाताचे अनेक थर मुद्रित करावे लागतात. तोच तुकडा लागोपाठ वाजला तर कानाला लगेच खोट कळते, म्हणून प्रत्येक थराच्या पाच-सहा आवृत्त्या घेऊन त्या आळीपाळीने वाजवतात. याला ‘राउंड रॉबिन’ म्हणतात. ढोलकीचे दहा आघात, प्रत्येकाचे आठ थर, प्रत्येक थराच्या सहा आवृत्त्या, एवढा साधा हिशेब धरला तरी ४८० फायली होतात. प्रत्येक फाईल तीन सेकंदांची, स्टिरिओ, २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ अशी धरली तर एकट्या ढोलकीला सुमारे ४१५ मेगाबाइट जागा लागते. अशी वीस-पंचवीस वाद्ये पदरी असली की मांडणीवाचून गत्यंतर नसते. मांडणी हवीच, याविषयी वाद नाही. वाद आहे तो कोणाची मांडणी, याविषयी.

बाजारात मिळणाऱ्या संग्रहांच्या विभागणीमागे एका जुन्या यादीची सावली आजही दिसते. १९९१ साली ‘जनरल मिडी’ नावाचे प्रमाण ठरले. कोणत्याही कंपनीचे वाद्य असो, अमुक क्रमांक दिला की अमुक आवाज यावा, हा त्यामागचा अत्यंत सोयीचा हेतू. १२८ आवाज, आठ-आठांचे सोळा गट. पियानोचा गट पहिला; मग ऑर्गन, गिटार, बास, तंतुवाद्ये, ब्रास असे करत करत आपण १०५व्या क्रमांकाशी पोहोचतो, आणि तिथे ‘एथनिक’ या पाटीखाली आठ वाद्ये एका बाकावर बसवलेली दिसतात: सितार, बँजो, शामिसेन, कोटो, कलिंबा, बॅगपाइप, फिडल आणि शहनाई (यादीतला उच्चार ‘शनाई’). गिटारीच्या निरनिराळ्या रूपांना आठ जागा. दूरध्वनीची घंटा, हेलिकॉप्टर, टाळ्यांचा कडकडाट, बंदुकीचा बार इत्यादींच्या गटालाही आठ जागा. आणि उरलेल्या जगालाही आठच.

जागांच्या वाटणीबद्दल आमची मुख्य तक्रार नाही; १२८ आकड्यांत काहीतरी वगळावे लागणारच. तक्रार आहे ती पाटीबद्दल. या गटातल्या वाद्यांत समान काय आहे? सितार छेडायची, शहनाई फुंकायची, कलिंबाच्या पट्ट्या अंगठ्याने दाबून सोडायच्या. ध्वनी निर्माण होण्याच्या रीतीत त्यांचे काही नाते नाही, आवाजाच्या पोतात नाही, संगीतातल्या कामात नाही. यादी करणाऱ्याच्या घरापासून ती सगळी दूर आहेत, एवढेच साम्य. पुरावा त्या यादीतच आहे. व्हायोलिन ४१व्या क्रमांकावर तंतुवाद्यांत सन्मानाने बसले आहे आणि फिडल १११व्या क्रमांकावर ‘एथनिक’ ठरले आहे. वस्तुतः वाद्य एकच! सभागृहात वाजले तर व्हायोलिन, गावच्या नाचात वाजले तर फिडल. म्हणजे गट वाद्याचा नव्हे, वाजवणाऱ्याच्या सामाजिक पायरीचा. तसेच शहनाईचे. ती दुहेरी पातीची, म्हणजे ओबोची नात्यातली. पण ओबो ‘रीड’ गटात ६९व्या क्रमांकावर, आणि शहनाई बॅगपाइपच्या सोबतीला पार ११२व्या.

यावर कोणी म्हणेल की त्या काळी एवढा विचार कोण करणार? तर त्याच यादीत विचार केल्याचाही पुरावा आहे. जपानी बासरी शाकुहाची ही ‘पाइप’ गटात, बासरी आणि रेकॉर्डरच्या पंगतीला ७८व्या क्रमांकावर आहे. ताइको हा जपानी ढोल आघातवाद्यांच्या गटात ११७व्या क्रमांकावर आहे. ध्वनी कसा निर्माण होतो यावरून गट ठरवता येत होता, आणि काही ठिकाणी तो तसा ठरवलाही. हे प्रमाण अमेरिकेतली उत्पादकांची संघटना आणि जपानची मिडी समिती यांनी मिळून केले होते. जो चर्चेला बसतो त्याच्या वाद्यांची नावे यादीत येतात, आणि नीट उच्चारांसह येतात. दहाव्या मार्गिकेवर ठेवलेल्या ४७ तालध्वनींत बोंगो, कोंगा, मराकस, कुइका आहेत. तबला नाही, मृदंगम् नाही. आपण त्या चर्चेला नव्हतो. नंतर कोणी बोलावले नाही हे खरे, पण आपण स्वतःच्या घरात तरी वेगळी मांडणी केली काय?

इथे आपल्याकडच्या एका लाडक्या उत्तराचा समाचार घेणे भाग आहे. ‘हे सगळे आमच्या भरतमुनींनी आधीच करून ठेवले आहे’ हे ते उत्तर. तत, सुषिर, अवनद्ध आणि घन हे नाट्यशास्त्रातले चार वर्ग खरोखरच असामान्य आहेत. तार, हवेची पोकळी, मढवलेले कातडे आणि घनपदार्थ, यांपैकी काय कंप पावते एवढेच ते विचारतात. वाद्य कोणाचे, कोणत्या गावचे, हे विचारत नाहीत. सौरींद्रमोहन टागोरांनी १८७६ साली ब्रुसेल्सला भारतीय वाद्यांचा संच भेट दिला. तिथल्या संग्रहालयाचे व्हिक्टर मायों यांनी १८८० पासून प्रसिद्ध केलेल्या सूचीत हेच चार वर्ग योजले, आणि त्या सूचीवर उभे राहून होर्नबोस्टेल व साक्स यांनी १९१४ साली आपली दशांशपद्धतीची वर्गवारी रचली. जगभरच्या वाद्यसंग्रहालयांत ती आजही वापरात आहे. म्हणजे एका भारतीय कल्पनेने युरोपातल्या संग्रहालयांची कपाटे लावली, आणि इकडे पुण्या-मुंबईतल्या संगणकांवर संबळ ‘एथनिक’ नावाच्या फोल्डरात पडला आहे. वारशाचा अभिमान सभेत बाळगायचा आणि घरात परक्याची पाटी लावायची, या दांभिकपणाला काय म्हणावे?

बरे, चार वर्ग लावले म्हणजे भागले, असेही नाही. वर्गवारी हे मांडणीचे सर्वांत वरचे पान. खरा कस खालच्या पानांवर लागतो. विकत मिळणाऱ्या किती संग्रहांत तबल्याचे तुकडे ‘तबला हिट ०७’ अशा नावाने येतात! वास्तविक तबला हे बोलून दाखवता येणारे वाद्य. त्याच्या प्रत्येक आघाताला पिढ्यान्‌पिढ्या घासून गुळगुळीत झालेले नाव आहे. ना, तिं, गे, क. आणि उजव्या-डाव्याच्या मेळातून होणारा धा. ज्या वाद्याची वर्णमाला तयार होती त्याला आकडे डकवणे म्हणजे शब्दकोशातले शब्द पुसून पृष्ठक्रमांक तेवढे ठेवणे होय. आणि बोल लिहिला तरी काम संपत नाही. दिल्लीचा बाज चाटेचा, बोटांचा. पूरबचा बाज खुला, थापेचा. लिहिताना बोल एकच, हाताखाली निघणारा ध्वनी मात्र वेगळा. नुसता ‘ना’ लिहिलेली फाईल ही आडनावाशिवायच्या माणसासारखी असते: हाक मारता येते, पत्ता लागत नाही.

लोकवाद्यांकडे आलो की परिस्थिती अधिकच शोचनीय. हलगी वाजवण्यापूर्वी ती शेकतात. आगीजवळ धरून कातडे तापवले की आवाज चढतो, टणक होतो. काही वेळाने उतरतो आणि पुन्हा शेकावी लागते. पावसाळ्यातली हलगी आणि उन्हाळ्यातली हलगी यांच्यात केवढा फरक! म्हणजे हलगीचा नमुना हा एका क्षणाचा नमुना असतो. तो शेकल्यावर लगेच घेतला की अर्ध्या तासाने, हे लिहून ठेवले नाही तर दोन वेगळ्या दिवशी घेतलेले तुकडे एका पट्टीवर शेजारीशेजारी बसतात, आणि मग ‘हे जिवंत का वाटत नाही?’ म्हणून आपण महागडे परिणामक विकत घेत सुटतो. संबळाचेही तेच. दोन तोंडे, दोन वेगळे आवाज, आणि दोन काठ्यांपैकी एकीच्या टोकाला वळण. कोणता आघात कोणत्या काठीचा, हे न लिहिणे म्हणजे वाद्य अर्धेच मुद्रित करणे.

आता स्वतःच्या घरातली गोष्ट सांगतो, कारण दुसऱ्याच्या पाट्या वाचून दाखवण्याचा अधिकार तिच्यावाचून आम्हांस नाही.

बऱ्याच वर्षांपूर्वी एका नाटकासाठी आम्ही एका तालुक्याच्या गावी जाऊन एका वृद्ध गोंधळ्याचा संबळ मुद्रित केला. दोन सकाळी, त्यांच्या ओसरीवर. त्यांनी आधी वाद्याला नमस्कार करायला लावला आणि मग एकेक आघात सुटा वाजवून दाखवला. सुटा आघात वाजवणे त्यांना चमत्कारिक वाटत होते. ‘असा एकटा वाजवत नसतात’ असे ते म्हणाले, पण आमच्या हट्टापुढे वाजवत राहिले. प्रत्येक आघाताचे त्यांच्या घरातले नाव त्यांनी सांगितले. आम्ही मान डोलावली. लिहून घेतले नाही. परत आल्यावर फोल्डरला ‘संबळ फायनल २’ असे नाव दिले. या व्यवसायातला प्रत्येक जण ते नाव ओळखेल.

पुढे डिस्क बदलली. वाद्याची आज्ञावली आपले तुकडे कोणत्या मार्गावर आहेत हे लक्षात ठेवते. फोल्डर हलवला की ‘तुकडे सापडत नाहीत’ अशी खिडकी उघडते. ती उघडली तेव्हा प्रयोग चार दिवसांवर होता. घाईघाईने आम्ही सगळ्या फायलींना एकसारखे क्रमांक दिले, विकत घेतलेल्या दोन संग्रहांतले चांगले आघात त्यांत मिसळले, आणि सगळे मिळून ‘एथनिक’मधल्या ‘पर्क’ या फोल्डरात टाकले. काम झाले. प्रयोग झाला. कोणाला काही कळले नाही.

कळले ते एका वेगळ्याच नाटकाच्या प्रयोगाला. प्रयोगानंतर एक तरुण आत आला. म्हणाला, ‘सर, तो संबळ कोणी वाजवलाय? तो हात आमच्या आजाचा आहे.’ आम्ही चकित झालो आणि, खरे सांगायचे तर, सुखावलोही. मग त्याने सांगितले की आजा दोन वर्षांपूर्वी गेला. घरात त्यांचे एकही मुद्रण नाही. कोणी केले नव्हते. आमच्याकडे असेल ते सगळे मिळेल काय, असे त्याने विचारले. विनाअट देतो म्हणालो. घरी येऊन संगणक उघडला आणि पुढचे तीन दिवस सहाशेवर क्रमांकित फायली ऐकत बसलो. त्यांतल्या कोणत्या त्यांच्या आणि कोणत्या विकतच्या, हे आम्हांस सांगता येईना. ज्या तुकड्यांत मागे ओसरीवरची चिमणी ऐकू येत होती ते निश्चित त्यांचे. मुद्रणातला दोष म्हणून पूर्वी आम्ही वगळलेले. बाकीचे अंदाजाने निवडले. चाळीसएक फायली त्याला पाठवल्या. त्यांतल्या काही त्याच्या आज्याच्या नसतीलही. हे त्याला सांगितले. तो ‘चालेल’ म्हणाला. त्याचे ते ‘चालेल’ आम्हांस अजून चाललेले नाही.

आघातांची नावे तर गेलीच. ती सांगणारा माणूस आता नाही.

म्हणून, मांडणी हा सोयीचा प्रश्न आहे असे जेव्हा कोणी म्हणतो तेव्हा आम्हांस राग येतो. नमुनासंग्रह माणसाच्या जागी उभा राहतो, हे आपण सगळे जाणतो. प्रायोगिक नाटकाच्या खर्चात संबळ वाजवणाऱ्याला प्रत्येक प्रयोगाला आणणे परवडत नाही, म्हणून आपण त्याचा हात एकदाच घेतो आणि शंभरदा वापरतो. हा व्यवहार मुळातच लंगडा आहे. त्यात त्या माणसाचे नावही न ठेवणे म्हणजे त्याला दुसऱ्यांदा बेदखल करणे. कायदाही याबाबत अगदी मुका नाही. कॉपीराइट कायद्यात १९९४च्या दुरुस्तीने कलावंताच्या प्रयोगाधिकाराला स्पष्ट रूप मिळाले आणि २०१२च्या दुरुस्तीने ३८ ब हे कलम आले. आपल्या सादरीकरणाचा कर्ता म्हणून ओळखले जाण्याचा हक्क ते देते. वापराच्या स्वरूपामुळे नाव देणे शक्य नसेल तर त्यात सवलत आहे. आमचे म्हणणे असे की ही सवलत श्रेयनामावलीपुरती असेल. स्वतःच्या डिस्कवर नाव लिहून ठेवण्यापासून कोणाला कोणत्या स्वरूपाने अडवले आहे?

‘जागा नव्हती’ ही सबबही चालणार नाही. युरोपीय प्रसारण संघाने १९९७ साली ‘ब्रॉडकास्ट वेव्ह’ हे फाईलचे प्रमाण आणले. त्यात ध्वनीबरोबरच वर्णनासाठी २५६ अक्षरे, कर्त्यासाठी ३२ अक्षरे, आणि दिनांक व वेळ यांसाठी स्वतंत्र जागा राखलेली आहे. फाईल कुठेही हलवा, तिचे नाव बदला, आत लिहिलेला मजकूर सहसा तिच्याबरोबर जातो. वाजवणाऱ्याचे नाव, गाव, वाद्य, आघात, काठी, शेक, एवढे सगळे २५६ रोमन अक्षरांत आरामात मावते. आपण तो रकाना रिकामा सोडतो, आणि त्याच वेळी ‘लोककला नामशेष होत आहेत’ या विषयावरच्या परिसंवादाला पार्श्वसंगीत देतो.

आता आक्षेपांविषयी. पहिला आक्षेप आधुनिकांचा: आता हाताने लावण्याची गरजच काय? यंत्र आवाज ऐकून तशाच जातीचे आवाज शोधून देते. ‘एबलटन लाइव्ह’च्या २०२४ साली आलेल्या बाराव्या आवृत्तीत अशी सोय आहे, आणि ती उत्तम चालते, आम्हीही वापरतो. पण ती सादृश्य सांगते, ओळख सांगत नाही. संबळाच्या चढ्या तोंडाचा आघात एखाद्या टिंबालेसारखा आहे, हे यंत्र सांगू शकेल. तो कोणाचा आहे, हे ते सांगणार नाही, कारण ते आपणच कधी लिहिलेले नाही. त्या तरुणाच्या प्रश्नाला यंत्राकडून उत्तर मिळाले नसते.

दुसरा आक्षेप व्यवहारी माणसांचा: नावे इंग्रजीत, बाजारात चालणारीच हवीत, परदेशी कामे येतात, ‘दिमडी’ कोणाला कळणार? त्यांना आम्ही कोटो, शामिसेन आणि ताइको यांची आठवण करून देतो. या वाद्यांची नावे कोणी ‘एशियन झिदर’ वगैरे केली नाहीत. जगाने ती नावे पाठ केली. नाव पाठ होते ते वापरल्याने. आपणच दिमडीला ‘स्मॉल फ्रेम ड्रम’ म्हणू लागलो तर जगाने कोणाचे ऐकावे? देवनागरी नावांवर काही जुन्या आज्ञावल्या अडखळतात, हे खरे. म्हणून आम्ही फाईलचे नाव रोमन अक्षरांत पण एकाच ठरीव लेखनाने ठेवतो आणि देवनागरी नोंद शेजारच्या साध्या मजकूर-फायलीत. ‘धा’ एकदा एका ‘ए’ने आणि एकदा दोन ‘ए’ंनी लिहिला की शोध निष्फळ होतो. शुद्धलेखनाची टिंगल करणाऱ्यांना संगणकाने घातलेला हा दंड आहे.

तिसरा आक्षेप कलावंतांचा, आणि तो आम्हांस सर्वांत कमी सहन होतो: सर्जनाला पसारा लागतो म्हणे. पसाऱ्यात अवचित काहीतरी हाती लागते, हे आम्हांस मान्य आहे. पण अवचित हाती लागलेल्या वस्तूचे मोल कळायला ती काय आहे हे कळावे लागते. दोन टेराबाइट आवाज बाळगणारे आणि त्यांतले वीस वापरणारे कलावंत आम्ही पाहिले आहेत; दर वर्षीच्या सवलतीच्या हंगामात ते आणखी दोनशे गिगाबाइट घेतात. याला सर्जन म्हणत नाहीत, साठेबाजी म्हणतात.

आमची मागणी फार नाही. ‘एथनिक’ आणि ‘वर्ल्ड’ या पाट्या आपापल्या संगणकावरून आधी काढून टाकाव्यात. वाद्ये तार, पोकळी, कातडे आणि घन यांप्रमाणे लावावीत, आणि व्हायोलिनला सारंगीच्या शेजारी बसायची सवय होऊ द्यावी. प्रत्येक वाद्याखाली पहिले फोल्डर माणसाच्या नावाचे असावे, कंपनीच्या नव्हे. दुसरे ठिकाणाचे आणि तारखेचे. आघाताला वाजवणारा जे नाव देतो तेच नाव द्यावे, आणि ते त्याच्या समोर, त्याच्या तोंडून लिहून घ्यावे. नंतर लिहू, हे लिहिणारच नाही याचे सभ्य रूप आहे. विकतचे आणि स्वतः मुद्रित केलेले कधीही एका फोल्डरात ठेवू नये. आणि मुद्रणाची एक प्रत, काम संपण्याची वाट न पाहता, वाजवणाऱ्याच्या घरी पोचती करावी.

हे सगळे करायला एका वाद्यामागे फार तर एक दुपार जाते. आमच्या डिस्कवर आता एक फोल्डर आहे. त्यात चिमणीचा आवाज असलेले तेवढे तुकडे ठेवले आहेत. फोल्डरला त्या गोंधळ्यांचे नाव दिले आहे, नातवाला विचारून, पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट. आघातांच्या नावांचा रकाना रिकामा आहे. तो तसाच ठेवणार आहोत.